दुखण्याच्या घरातला विनोद

मराठीत ‘वेड’ हा मोठा सोशिक शब्द आहे. कोणाला गाण्याचे वेड असते, कोणाला नाटकाचे. आई लाडात येऊन लेकराला वेडा म्हणते, आणि लेकरू त्याने सुखावते. भाषेने या शब्दातले विष असे काही काढून घेतले आहे की, तो दिवसातून दहा वेळा उच्चारला तरी कोणाच्या मनावर ओरखडा उठत नाही. परंतु हाच शब्द आपल्या मूळ अर्थाने एखाद्या घराच्या उंबरठ्यावर येऊन उभा राहिला, म्हणजे त्या घरातल्या सर्वांचे आवाज एकदम खाली येतात. खिडक्या लावून घेतल्या जातात. पाहुण्यांना ‘हल्ली तिची प्रकृती बरी नसते’ एवढेच सांगितले जाते. घरात मुलामुलींची लग्ने व्हायची असतात, आणि सोयरिकीच्या बोलण्यात हा शब्द निघाला तर बोलणे तेथेच थांबते, हे सर्वांना ठाऊक असते.

नागपूरकरांना ही गोष्ट अपरिचित नाही. येथील मनोरुग्णालयाची स्थापना १८६४ सालची, म्हणजे नागपूर विद्यापीठाहून ते जवळजवळ साठ वर्षांनी वडील आहे. ठाणे, येरवडा आणि रत्नागिरी येथील रुग्णालयांबरोबर महाराष्ट्रातील जुन्या मनोरुग्णालयांत त्याची गणना होते. तथापि लोकांच्या तोंडी त्याचे नाव ‘पागलखाना’ हेच राहिले, आणि मित्रामित्रांच्या थट्टेत एकमेकांना तिकडे धाडण्याच्या गोष्टी सहज बोलल्या जातात. त्या भिंतीच्या आत ज्याचा भाऊ किंवा जिची आई आहे, ते माणूस त्या थट्टेच्या वेळी काय करीत असेल? बहुधा तेही हसत असेल. कारण न हसणे म्हणजे गुपित फोडणे.

विनोदाच्या बाबतीत तर विदर्भाने मराठीला मोठेच ऋणी करून ठेवले आहे. मराठी विनोदी लेखनाचे आद्य आचार्य श्रीपाद कृष्ण कोल्हटकर यांचा जन्म १८७१ साली नागपुरात झाला. त्यांना गुरुस्थानी मानणारे राम गणेश गडकरी यांनी १९१९ च्या जानेवारीत, वयाच्या अवघ्या तेहेतिसाव्या वर्षी, येथून जवळच सावनेर येथे देह ठेवला. त्यांच्या अपुऱ्या राहिलेल्या लेखनात एका प्रहसनाचे नावच ‘वेड्यांचा बाजार’ असे आहे. कोल्हटकरांच्या सुदाम्याने आणि गडकऱ्यांच्या बाळकरामाने समाजाच्या खुळांची यथेच्छ रेवडी उडविली. ते खूळ रूढीचे होते, ढोंगाचे होते, हुंड्याचे होते. आणि त्याला हसणे हे समाजाच्या प्रकृतीला हितकारकच होते. पण ज्या घरात खरोखरीचा मनोविकार नांदत आहे, त्या घरातील माणसांनी हसावे की नाही, हसावे तर कशाला हसावे, आणि त्यांच्या हसण्यात बाहेरच्यांनी सामील व्हावे की नाही, हा प्रश्न त्या परंपरेपुढे आला नव्हता. तो प्रश्न पुढे आणणारा लेखक मुंबईच्या माहीम भागात निपजला. त्याने लिहिले इंग्रजीत. परंतु त्याचा मराठीशी जडलेला संबंध इतका घनिष्ठ आहे की त्याला परका समजणे अयोग्य ठरेल.

या लेखकाचे नाव जेरी पिंटो. जन्म १९६६ सालचा, कुळ गोव्याचे, धर्म ख्रिस्ती, वाढ सगळी माहीमची. कविता, कादंबरी, चरित्र, वृत्तपत्रलेखन आणि भाषांतर या सर्व क्षेत्रांत त्यांनी सारख्याच उत्साहाने संचार केला आहे. २००० साली त्यांचे ‘सर्व्हायव्हिंग विमेन’ हे पुस्तक निघाले. स्त्रियांच्या सहवासात भांबावून गेलेल्या हिंदी पुरुषाची ही थट्टा आहे. २००६ साली त्यांनी हिंदी चित्रपटांतील नर्तकी हेलन हिच्यावर लिहिलेल्या ग्रंथाला चित्रपटविषयक उत्कृष्ट पुस्तकाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. स्थळांच्या आणि माणसांच्या आठवणी गोळा करणे हा त्यांचा दुसरा छंद. मुंबईवरील लेखांचा संग्रह त्यांनी नरेश फर्नांडिस यांच्या सहकार्याने २००३ मध्ये सिद्ध केला, आणि गोव्यावरील लेखांचा संग्रह २००६ मध्ये. मराठी वाचकाला विशेष कौतुक वाटावे ते त्यांच्या भाषांतरांचे. दया पवारांचे ‘बलुतं’, मलिका अमर शेख यांचे ‘मला उद्ध्वस्त व्हायचंय’, बाबुराव बागुलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा कथासंग्रह आणि वंदना मिश्र यांचे ‘मी मिठाची बाहुली’ ही पुस्तके इंग्रजी वाचणाऱ्या जगापुढे त्यांनी ठेवली. ज्या आठवणी सांगताना सांगणाऱ्याची जीभ जड होते, अशाच आठवणींकडे हा भाषांतरकार पुनःपुन्हा वळलेला दिसतो.

त्याचे कारण त्यांच्या स्वतःच्या कादंबरीत सापडते. ‘एम अँड द बिग हूम’ ही कादंबरी २०१२ साली प्रसिद्ध झाली. तिच्यावर त्यांनी वीस वर्षांहून अधिक काळ परिश्रम केले होते. तिला २०१२ चे ‘हिंदू’ वाङ्मय पारितोषिक आणि २०१६ चे साहित्य अकादमीचे पारितोषिक मिळाले. त्याच वर्षी अमेरिकेतील येल विद्यापीठाचा विंडहॅम-कॅम्बेल पुरस्कारही लेखकाला लाभला. शांता गोखले यांनी तिचे मराठी भाषांतर ‘एम आणि हूमराव’ या नावाने केले. ‘हूम’ला ‘राव’ जोडून त्या घरगुती टोपणनावाला मराठी पागोटे घालण्याची ही युक्ती मूळ पुस्तकाच्या वृत्तीला शोभण्यासारखीच आहे. शांताबाईंचा या विषयाशी परिचयही जुना. त्यांच्या ‘रीटा वेलिणकर’ या १९९० च्या कादंबरीची नायिकाही मनाच्या अशाच एका कोसळण्यातून गेलेली आहे.

कादंबरीचे कथानक थोडक्यात सांगण्यासारखे आहे. माहीममधील एका लहानशा बिऱ्हाडात चार माणसे राहतात. आई इमेल्डा, वडील ऑगस्टीन, मुलगी सूझन आणि कथा सांगणारा मुलगा. या मुलाचे नाव पुस्तकात कोठेही येत नाही. मुले आईला ‘एम’ म्हणतात. वडिलांना ‘बिग हूम’ म्हणतात, कारण कोणत्याही प्रश्नाला त्यांचे पहिले उत्तर एक गंभीर हुंकार असतो. मुलगा जन्मल्यानंतर आईच्या मनाचा तोल गेला आणि तो पुढे कधी पुरता सावरला नाही. काही महिने ती उत्साहाने फुलून जाते. झोप नाही, बोलण्याला खंड नाही, पैशाला धरबंध नाही. मग एकाएकी अंधार होतो, आणि तिला जगणेच नकोसे होते. घरची माणसे तिला अनेकदा मरणाच्या दारातून परत आणतात. सर जमशेटजी जीजीभाई रुग्णालयातील तेहेतीस क्रमांकाचा मानसोपचार विभाग या कुटुंबाला माहेरघराइतका ओळखीचा झालेला आहे.

वैद्यकात या व्याधीला द्विध्रुवीय मनोविकार म्हणतात. उन्माद आणि अवसाद ही तिची दोन टोके. शंभरांत सुमारे एका माणसाला ती आयुष्यात केव्हा तरी गाठते, आणि बहुधा ऐन तारुण्यात गाठते. स्त्रियांच्या बाबतीत बाळंतपणानंतरचे दिवस विशेष जोखमीचे असतात. १९४९ साली ऑस्ट्रेलियातील जॉन केड या वैद्याने लिथियम या साध्या क्षारद्रव्याचा या रोगावरील गुण दाखवून दिला, आणि तेव्हापासून आजतागायत ते या विकाराचे एक प्रमुख औषध आहे. रोग समूळ जात नाही, पण नियमित औषधाने पुष्कळांना तो आवाक्यात ठेवता येतो. एवढी माहिती कोणत्याही वैद्यकग्रंथात मिळेल. वैद्यकग्रंथात जे मिळत नाही ते असे की, उन्मादाच्या भरात बोलणारे माणूस खरोखरीच विनोदी असू शकते.

एम ही अशीच बाई आहे. ती विड्या ओढते, चहाचे पेल्यांवर पेले रिचविते, आणि जे बोलू नये असे जग म्हणते ते सर्व आपल्या मुलांसमोर बोलते. स्त्रीपुरुषांच्या संबंधांची चर्चा ती इतक्या मोकळेपणी करते की, वयात आलेल्या मुलांना तोंड कोठे लपवावे ते कळत नाही. माणसांना नावे ठेवण्यात तिचा हातखंडा आहे. मातृत्वाच्या थोरवीवर जगाने रचलेल्या स्तोत्रांची तिला पर्वा नाही. आई होणे हे आपल्याला फारसे मानवलेले नाही, असे ती आपल्याच मुलांना तोंडावर सांगते, आणि सांगताना शब्दांची अशी काही कोटी करते की दुखावलेली मुलेही हसू लागतात. कोल्हटकरांच्या कोट्यांवर जीव टाकणाऱ्या मराठी वाचकाला या बाईची जात तत्काळ ओळखू येईल. फरक एवढाच की, कोल्हटकरांची कोटी लेखकाच्या मेजावर शांतपणे घडलेली होती. एमची कोटी कोणत्या क्षणी रोगाची आहे आणि कोणत्या क्षणी तिची स्वतःची आहे, हे तिच्या मुलांनाही सांगता येत नाही.

या पुस्तकाचे सगळे मर्म या संदिग्धतेत आहे. मुलगा हसतो, आणि हसता हसता त्याच्या मनात येते की आई आज फार बोलते आहे. उद्या काय होईल? ज्या बोलण्याने घर उजळते तेच बोलणे पुढच्या काळोखाची वर्दी देत असते. मग हसावे की वैद्याला बोलवावे? अशा घरातील मुले हवामान ओळखण्यात कोळ्यांइतकी तरबेज होतात. दाराची कडी वाजविण्याच्या आवाजावरून, पेल्यात उरलेल्या चहावरून, आईच्या एका शब्दाच्या सुरावरून त्यांना दिवसाचा अदमास येतो. परंतु अदमास चुकण्याची भीती त्यांना कधी सोडीत नाही. एक डोळा हसतो आणि दुसरा डोळा पहारा करतो. हे दोन्ही एकाच पानावर आणण्याचे अवघड काम पिंटो यांनी साधले आहे.

असल्या विषयावर विनोद करणे शोभते काय, असा आक्षेप कोणी घेईल, आणि तो क्षुल्लक म्हणून उडवून देण्यासारखा नाही. रोग्याला हसण्याची रीत जगात फार जुनी आहे. लंडनच्या बेडलॅम या वेड्यांच्या इस्पितळात अठराव्या शतकात लोक करमणुकीसाठी रोगी पाहावयास जात, आणि आपल्याकडेही गल्लीतल्या भ्रमिष्टामागे पोरे लागतात तेव्हा वडील माणसे पुष्कळदा दारात उभी राहून हसत असतात. त्या हसण्यात रोगी हा एक तमाशा असतो. त्याला स्वतःची बुद्धी नसते, नाव नसते, हसणाऱ्याला उत्तर देण्याचा अधिकार नसतो. पिंटो यांच्या कादंबरीत उत्तर देण्याचा पहिला मान रोग्याचा आहे. सर्वांत तिखट वाक्ये एमच्या वाट्याला आलेली आहेत. ती वैद्यांची थट्टा करते, परमेश्वराची करते, नवऱ्याच्या मौनाची करते आणि स्वतःच्या रोगाचीही करते. वाचक हसतो तो तिच्याबरोबर हसतो. आणि ज्याच्याबरोबर आपण हसलो, त्या माणसाला ‘केस’ म्हणून बाजूला सारणे पुढे कठीण होऊन बसते. दयेने हे काम साधले नसते. दया करणारा नेहमी एक पायरी वर उभा असतो. हसण्याला दोघांनी एकाच पायरीवर बसावे लागते.

याचा अर्थ विनोदाने दुःख कमी होते असा मात्र नाही. अवसादाच्या दिवसांत एम मुकी होते, आणि पुस्तकातील विनोदही तिच्याबरोबर मुका होतो. त्या पानांवर लेखकाने सांत्वनाचा एकही शब्द घातलेला नाही. मुलगा रागावतो, थकतो, क्वचित हे सगळे एकदाचे संपावे असेही त्याच्या मनात येऊन जाते, आणि त्या विचाराची लाज घेऊन तो पुढचे दिवस काढतो. रुग्णाची शुश्रूषा करणाऱ्यांच्या मनातील हा राग आपल्या वाङ्मयात फारसा बोलला गेलेला नाही. सेवेच्या गौरवाखाली तो झाकून टाकण्याची आपली रीत आहे. परंतु झाकलेला राग कुजतो, आणि बोललेला राग पुष्कळदा मायेत उतरतो, हे या कुटुंबाच्या कथेवरून दिसते.

या रागातून बाहेर पडण्यासाठी मुलाने धरलेली वाट आठवणींची आहे. त्याला कळत्या वयापासून आई दिसली ती आजारीच. मग आजारापूर्वी ही बाई कोण होती? हे शोधण्यासाठी तो तिची जुनी पत्रे आणि टिपणे वाचतो, तिला आणि वडिलांना प्रश्न विचारतो, नातेवाइकांच्या गोष्टी लक्षपूर्वक ऐकतो. त्या शोधातून हळूहळू एक तरुण मुलगी पुढे येते. ती कचेरीत लघुलेखन आणि टंकलेखन करते, सगळा पगार आईच्या हाती ठेवते, पुस्तकांत रमते, आणि कचेरीतल्याच एका उमद्या अभियंत्याशी बरीच वर्षे पत्रे आणि पुस्तके यांच्या देवघेवीत प्रेम जमविते. हीच ती विड्या ओढणारी एम. विनोद तिचा तेव्हाही होता. रोग नंतर आला. मुलाला मिळालेला हा शोध लहान नाही. आईची थट्टेखोर वृत्ती ही रोगाची देणगी नसून रोगाच्याही आधीपासूनची तिची स्वतःची दौलत आहे, हे त्याला पत्रांनी सांगितले.

एका बाईची आठवण शोधू गेल्यावर तिच्या मागची सबंध जमात उभी राहते. इमेल्डाचे कुटुंब गोव्याचे, पण ते ब्रह्मदेशात जाऊन राहिलेले होते. १९४२ च्या मार्चमध्ये जपान्यांनी रंगून घेतले, तेव्हा तेथील हिंदी लोकांपैकी चार-पाच लाख माणसे घरदार टाकून निघाली. पुष्कळांनी अरण्यातून आणि डोंगरांतून आसामपर्यंतची वाट पायी तुडविली, आणि कित्येक हजार वाटेतच पडली. कादंबरीतील कुटुंब त्या लोंढ्यातून सुटून हिंदुस्थानात येते आणि अखेर मुंबईत स्थिरावते. इमेल्डाची आई तर इतक्या भाषांतून फिरून आलेली की, बोलताना तिला नेमका शब्द सापडत नाही. ती वाक्यातला मुख्य शब्दच गाळते आणि ऐकणाऱ्याने तो आपल्या पदरचा घालावयाचा असतो. ही लकब वाचताना हसू येते. मग ध्यानात येते की, घर हरवले म्हणजे माणसाचे शब्दही हरवतात, आणि या म्हातारीच्या तोंडची रिकामी जागा ही एका युद्धाची खूण आहे.

वडिलांकडची हकिगत गोव्याच्या मोयरे गावची. गोव्यातून नोकरीसाठी मुंबईस येणाऱ्यांची परंपरा शंभर वर्षांहून जुनी आहे. आगबोटींवरचे खलाशी, आचारी, वाजंत्री, शिंपी, कारकून असे किती तरी लोक गाव सोडून आले. धोबीतलाव आणि माझगाव भागांत एकेका गावाच्या नावाने चालणाऱ्या ‘कुडां’त त्यांनी पथाऱ्या टाकल्या. गावाचे सण, गावाची प्रार्थना आणि गावाची भांडणे त्यांनी शहरातल्या त्या खोल्यांत जपून ठेवली. ज्या समाजाने आपला गाव एकदा गमावला, तो समाज आठवणींना तिजोरीतल्या चिजांप्रमाणे सांभाळतो, आणि घरचे दुखणेही तितक्याच काळजीने कुलपात ठेवतो. दोन्ही किल्ल्या एकाच जुडग्यात असतात. पिंटो यांनी आठवणींची तिजोरी उघडली तेव्हा दुखण्याचे कुलूपही त्यांना उघडावे लागले.

बिग हूम या पुरुषाविषयी दोन शब्द सांगितल्यावाचून पुढे जाता येणार नाही. सबंध पुस्तकात त्याच्या तोंडी भाषणे थोडी. तो कामावर जातो, बाजार करतो, स्वयंपाक करतो, औषधे देतो, इस्पितळात बसतो आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा कामावर जातो. बायको सोडून देण्याचा विचार त्याला शिवलेला दिसत नाही, आणि आपण काही त्याग करीत आहो असेही त्याच्या चेहऱ्यावर दिसत नाही. मराठी कादंबरीत पतिव्रता पुष्कळ झाल्या. पत्नीचे दुखणे आयुष्यभर बिनबोभाट उचलणारा नवरा विरळा. एमच्या शब्दांच्या पुरापुढे त्याचा एकाक्षरी हुंकार धक्क्यासारखा उभा राहतो. त्या धक्क्याच्या आधारानेच मुलांना हसण्याची उसंत मिळते.

मुलाच्या मनात एक भीती मात्र अखेरपर्यंत आहे. आईचे डोळे मला मिळाले तसे आईचे दुखणेही मिळेल काय, असे तो स्वतःला विचारीत राहतो. अशा घरांतील किती मुले हा प्रश्न मनातल्या मनात विचारीत मोठी होतात! त्याचे उत्तर विज्ञानाने बऱ्याच अंशी दिलेले आहे. आईबापांपैकी एकाला हा विकार असल्यास मुलाला तो होण्याचा संभव इतरांपेक्षा वाढतो, हे खरे. पण तो शेकड्याला दहाच्या आसपास असतो. म्हणजे शंभरांतील सुमारे नव्वद मुलांना तो होत नाही. ही साधी गणना गुप्ततेमुळे घरोघर पोहोचत नाही, आणि भीती मात्र बिनबोभाट पोहोचते.

कादंबरी प्रसिद्ध झाल्यावर तिच्या लेखकाकडे वाचक आपापल्या घरच्या हकिगती घेऊन येऊ लागले. कोणाचा भाऊ, कोणाची मुलगी, कोणाचे वडील. आजवर कोणाला न सांगितलेले हे लोक त्यांना सांगू लागले. त्यांतून पिंटो यांनी २०१६ साली ‘अ बुक ऑफ लाइट’ हा संग्रह संपादित केला. मनोविकार झालेल्या आपल्या माणसाविषयी त्यात कुटुंबीयांनी स्वतःच्या शब्दांत लिहिले आहे. एका घराची खिडकी उघडली आणि पाहता पाहता आळीतल्या खिडक्या उघडू लागल्या, असेच या प्रकाराचे वर्णन करावे लागेल. विनोदी लेखक म्हणून लेखणी हाती धरलेल्या माणसाच्या वाट्याला हे काम यावे, यात आश्चर्य नाही. ज्याने आपल्या घरचे दुःख हसतखेळत सांगितले, त्याच्यापुढे आपले दुःख काढताना संकोच वाटत नाही.

या अवधीत कायद्यानेही काही पावले टाकली आहेत. १९१२ च्या कायद्याच्या नावातच रोग्याला वेडा म्हटलेले होते आणि त्याला कोंडून ठेवण्याची रीत हाच त्याचा मुख्य विषय होता. १९८७ साली तो बदलला, आणि २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याने उपचार मिळणे हा रोग्याचा हक्क ठरविला. आपल्यावर कोणते उपचार व्हावेत आणि कोणते होऊ नयेत हे माणसाने शुद्धीच्या काळात आधीच लिहून ठेवावे, अशी सोय त्यात आहे. भूल दिल्यावाचून विजेचे उपचार करण्यास मनाई आहे. जिवाचे बरेवाईट करू पाहणाऱ्या माणसाला गुन्हेगार न समजता तो असह्य ताणाखाली होता असे गृहीत धरावे, आणि सरकारने त्याची काळजी घ्यावी, असेही त्यात म्हटले आहे. कादंबरीतील कुटुंबाने एमच्या आजारात जे भोगले, त्यात विजेचे उपचारही होते. ते घेऊन ती घरी येते तेव्हा तिचे बोलणेच हरपलेले असते, आणि ज्या अखंड बडबडीने घरची माणसे जेरीस येत, तिच्यासाठीच ती आता झुरतात. योग्य रीतीने दिलेल्या या उपचाराने अनेकांचे प्राण वाचतात, ही वैद्यकाची ग्वाही खरी आहे. तो देताना रोग्याला आणि त्याच्या माणसांना विचारले पाहिजे, हे या प्रसंगाने सांगितलेलेही तितकेच खरे आहे.

२०२२ पासून सरकारने ‘टेलि-मानस’ नावाची दूरध्वनीची सोयही केली आहे. १४४१६ हा क्रमांक फिरविला असता प्रशिक्षित सल्लागाराशी बोलता येते, आणि त्याला पैसे पडत नाहीत. रोग्याने बोलावे, तसेच रोग्याच्या घरच्या माणसांनीही बोलावे. कारण पहारा करणाऱ्या डोळ्यालाही झोपेची गरज असते.

कायदा आणि औषध ही दोन्ही रोगाशी झुंजतात. रोगाखाली झाकून गेलेले माणूस परत आणण्याचे काम मात्र घरातल्यांनाच करावे लागते, आणि त्याची साधने फार साधी आहेत. आजाराच्या आधीची तिची एखादी आठवण, तिची एखादी लकब, तिने केलेली एखादी कोटी. एम अखेर मरते तेव्हा तिच्या मुलांपाशी औषधांच्या चिठ्ठ्यांखेरीज हेही उरते. ज्या घराने हसणे पुरते सोडून दिले, त्या घरात चिठ्ठ्यांवाचून काहीच उरले नसते. नागपुरात, सावनेरात, माहीमला किंवा मोयऱ्याला ज्या कोणा घरात आज आवाज खाली आलेले असतील, तेथे आपल्या माणसाचे नाव मोठ्याने घेतले जावे, त्याच्या गोष्टी निघाव्यात, आणि त्या निघाल्यावर तेही हसले तर त्याच्या शेजारी बसून इतरांनीही हसावे.